धुण्याच्या मशीनमध्ये ठेवलेली नागली

पत्र : मी मूळचा अकोले तालुक्यातला. राजूरच्या पुढे डोंगरात आमचे गाव आहे. आम्ही महादेव कोळी. सध्या चिंचवडला एका कारखान्यात नोकरी करतो. पत्नीही नोकरी करते आणि आम्हाला दीड वर्षाचा मुलगा आहे. वडील दोन वर्षांपूर्वी गेले. आई 58 वर्षांची असून गावी एकटीच राहते. पहाटे चारला उठते, उन्हाळ्यात खालच्या विहिरीवरून दिवसाला पाच खेपा पाणी आणते, सरपणाच्या मोळ्या वाहते, एक गाय आणि दोन शेळ्या सांभाळते, शिवाय दीड एकरात भात आणि नागली (नाचणी) करते. गॅस घेऊन दिला, तरी चूलच पेटवते. दिवाळीत धुण्याचे मशीन नेऊन दिले, तर त्यात तिने नागलीचे बी भरून ठेवले आहे. दोनदा चिंचवडला आणले. एकदा बाराव्या दिवशी आणि एकदा नवव्या दिवशी ती परत गेली. गावात लोक मला नावे ठेवतात. शिकलेली नसल्यामुळे तिला स्वतःचे हित कळत नाही. ती इकडे आली तर तिला आराम मिळेल आणि बाळाजवळही घरचे माणूस राहील. जमिनीची वारस नोंद राहिली आहे. ती माझ्या एकट्याच्या नावाने करून घेणार आहे, म्हणजे आईला आणि बहिणीला तालुक्याला खेटे घालावे लागणार नाहीत. आईला कसे समजवावे? आणि ते मशीन परत आणू का?

— एक वाचक, चिंचवड

उत्तर : तुमच्या पत्रातली आईविषयीची काळजी खरी आहे, याबद्दल मला शंका नाही. ज्या मुलाला आईच्या पाण्याच्या खेपा मोजता येतात, तो तिच्यापासून फार लांब गेलेला नसतो. परंतु तुम्ही विचारलेल्या प्रश्नाचे उत्तर मी देणार नाही, कारण आईला समजावण्याची वेळ अजून आलेलीच नाही असे माझे मत आहे. त्याआधी तुम्ही स्वतः करायची काही कामे शिल्लक आहेत आणि त्यांतली बरीचशी तुमच्याच पत्रात, तुमच्या नकळत, लिहिली गेली आहेत.

चुलीपासून सुरुवात करू, कारण तिथे तुमचा राग सर्वांत जास्त दिसतो. घरात गॅस असताना बाई चूल का पेटवते, हा प्रश्न 2016 साली उज्ज्वला योजना आल्यापासून अनेकांनी विचारला आहे आणि सिलिंडरची किंमत हे त्याचे पहिले उत्तर आहे. तुमच्या गावात तर भरलेले सिलिंडर जीपने आणून पुढे चढावर कोणाच्या तरी खांद्यावरून घरी न्यावे लागत असेल. पण समजा, ते रोज दारात फुकट आले, तरीही तुमची आई आषाढात चूल पेटवील. चार महिने ज्या घराच्या भिंती ओल्या असतात, तिथे ओले लुगडे, इरले आणि घोंगडी वाळवणारी दुसरी कोणतीही जागा नसते. चुलीच्या वर माळ्यावर टांगलेली कणसे धुरामुळे किडत नाहीत, बियाण्यात मिसळायची राख चुलीतूनच निघते, गायीचे आंबोण तिच्यावरच शिजते आणि अंघोळीचे पाणीही तिच्यावरच तापते. गॅसची शेगडी यांतले फक्त चहा आणि कालवण एवढेच काम करते. त्यामुळे चूल बंद करण्याचा आग्रह सोडा आणि तिचा धूर आईच्या डोळ्यांत व छातीत जाणार नाही एवढे पाहा. धुराडे असलेली सुधारित चूल गावातला गवंडी एका दिवसात बांधून देतो. चुलीमागच्या भिंतीला वर एक झरोका ठेवला तरी पुष्कळ फरक पडतो. आणि मोळ्यांचे म्हणाल, तर पावसाळ्यासाठी लागणारे सरपण होळीपासून अक्षयतृतीयेपर्यंत गोळा करून पडवीत रचून ठेवावे लागते. त्या काळातल्या दोन सुट्ट्यांना तुम्ही जाऊन कोयता हातात घेतलात, तर तिच्या कितीतरी मोळ्या वाचतील.

पाण्याचा प्रश्न याहून मोठा आहे, आणि तो आईच्या हट्टाचा नाही. घाटघर-रतनवाडीच्या पट्ट्यात वर्षाला चार-पाच हजार मिलिमीटर पाऊस पडतो आणि त्याच पट्ट्यातल्या बायका एप्रिलमध्ये झऱ्याच्या तळाशी वाटी धरून बसतात, हे बाहेरच्या माणसाला सांगितले तर खोटे वाटते. काळा कातळ पाणी मुरू देत नाही, उतार ते थांबू देत नाही; सारे पाणी प्रवरेत जाते आणि 1926 साली पूर्ण झालेल्या भंडारदरा धरणातून खालच्या कालव्यांना मिळते. खाली ऊस उभा राहतो आणि वरच्या वाडीत रात्री तीनला विहिरीवर नंबर लागतो. (धरणाच्या भिंतीवर उभे राहून फोटो काढणाऱ्यांपैकी किती जण मान वर करून त्या वाडीकडे पाहतात, हा प्रश्न मला दरवेळी पडतो.) 2019 नंतर जल जीवन मिशनचे नळ तुमच्या घरापर्यंत आले असतील किंवा नसतील, आले असले तरी उन्हाळ्यात मूळ उद्भवच आटला की नळाची तोटी शोभेलाच राहते.

इथे तुम्ही कारखान्यात काम करणारे आहात, म्हणून सरळ हिशेब मांडते. हंडा आणि वर कळशी मिळून एका खेपेला वीस लिटर पाणी येते असे धरले, तर पाच खेपांचे 100 लिटर होतात. म्हणजे तुमची आई भांड्यांचे वजन सोडून रोज 100 किलो भार चुंबळीवर घेऊन चढ चढते. आता तुमच्या घराचे छप्पर पाहा. ते चारशे चौरस फूट, म्हणजे सुमारे 37 चौरस मीटर असेल, तर पावसाच्या प्रत्येक मिलिमीटरला त्यावरून 37 लिटर पाणी वाहून जाते. वाया जाणारे धरूनही 10,000 लिटरची टाकी भरायला साडेतीनशे मिलिमीटर पाऊस पुरतो आणि तुमच्याकडे तो भर आषाढात आठवड्या-दोन आठवड्यांत पडतो. मार्चच्या मध्यापासून जूनच्या मध्यापर्यंत 90 दिवस धरले, तर या टाकीतून रोज 110 लिटर पाणी मिळेल, म्हणजे तिच्या पाचही खेपा घराच्या ओट्यावर येतील. छपराला पन्हळ, पहिल्या पावसाचे घाण पाणी बाहेर सोडण्याची सोय, आणि जाळी व सिमेंटची जागेवरच बांधलेली, घट्ट झाकणाची टाकी, एवढेच लागते. प्लास्टिकची मोठी टाकी चढावर नेण्याची यातायात करू नका. शेवटची भरती गणपतीनंतरच्या स्वच्छ पावसात घ्यावी आणि पिण्याचे पाणी उकळून घ्यावे. मैदानी गावांत पाण्याचा पिंप ढकलत नेण्याची सोय चांगली चालते, पण तुमच्या पायवाटेच्या दगडांवर ती चालणार नाही, तेव्हा त्या भानगडीत पडू नका. तुम्ही मशीनवर खर्च केलात तेव्हा मशीनला आधी पाणी लागते हे तुमच्या लक्षात आले नाही. आईच्या मात्र पहिल्याच दिवशी लक्षात आले असावे.

आता तुमच्या पत्रातल्या एका वाक्याविषयी थोडे कडक लिहिणे भाग आहे. आई शिकलेली नसल्यामुळे तिला हित कळत नाही, असे तुम्ही लिहिता. तुमच्याच तालुक्यातल्या कोंभाळणे गावच्या राहीबाई पोपेरे कधी शाळेत गेल्या नाहीत, आणि 2020 साली त्यांना पद्मश्री जाहीर झाली ती घरात जपलेल्या गावरान बियाण्यांसाठी. प्रत्येक आई राहीबाई नसते, हे मान्य; पण जिने नागलीचे बी वेगळे काढून उंदीर शिरणार नाही अशा जागी ठेवले, तिला काय करायचे आहे हे पक्के ठाऊक आहे. घरचे बी दरवर्षी किंवा एकाआड एक वर्षी पेरावेच लागते. ते तसेच ठेवले की उगवण कमी होत जाते आणि काही वर्षांत संपते. तुम्ही तिला दोन-तीन वर्षे चिंचवडला ठेवलेत, तर तेवढ्या काळात तुमच्या घराण्याचे काळभाताचे आणि नागलीचे बी कमजोर होईल, दावणीची गाय विकली जाईल आणि पडीक राहिलेल्या दीड एकरात कोणीतरी बांध सरकवील. शहरात येण्याची ही किंमत तिने मोजलेली आहे. तुम्ही ती मोजली आहे का?

याचा अर्थ डोंगरातल्या बाईला कष्टांची हौस असते असा कृपया घेऊ नका. तसे लिहिणारे पुष्कळ आहेत आणि मला त्यांचा राग येतो. कळसूबाईची गोष्ट तुम्ही लहानपणी ऐकली असेल. कळसू नावाची मुलगी पाटलाच्या घरी कामाला राहिली ती अट घालून, की भांडी घासणार नाही आणि केरकचरा काढणार नाही. पुढे तीच कामे तिच्या गळ्यात पडली, तेव्हा तिने ती एकदा केली आणि डोंगर चढून गेली ती परत आली नाही. जिथे भांडी घासली ते थाळेमेळ आणि जिथे केर टाकला तो काळदरा, असे डोंगराच्या पायथ्याच्या बारी गावाकडची माणसे सांगतात. नवरात्रात ज्या बायका 1,646 मीटर उंचीचे ते शिखर चढून तिची ओटी भरतात, त्या घरी स्वतः भांडीही घासतात आणि केरही काढतात. पण त्यांची देवी कामाला नाही म्हणालेली आहे, हे त्या विसरलेल्या नाहीत. तुमची आई चिंचवडहून बाराव्या दिवशी का परतली, याचे उत्तर मला इथे दिसते. तुम्ही तिला आराम मिळेल असे लिहिता आणि त्याच वाक्यात बाळाजवळ घरचे माणूस राहील असेही लिहिता. तुम्ही दोघे कामावर गेल्यानंतर बंद दाराच्या आत दीड वर्षाच्या मुलामागे दिवसभर धावणे, त्याचे लंगोट धुणे आणि संध्याकाळी तुमच्यासाठी भाकरी थापणे, याला तुम्ही आराम म्हणत असाल; तिने त्याला काम म्हटले असावे, आणि तेही असे काम, ज्यात विहिरीवरच्या गप्पा नाहीत, शेजारणीची हाक नाही आणि राजूरच्या बाजाराचा दिवस नाही. बाळासाठी पाळणाघर शोधा. नातवासाठी आजी हवीच असेल, तर तिला पौष-माघात, भात झोडून घरात आल्यावर, पाहुणी म्हणून बोलवा आणि त्या दिवसांत तिच्या हातचे काम तुम्ही करा.

जमिनीबाबत मात्र मी सल्ल्याच्या सुरात लिहिणार नाही. ही गोष्ट तुम्ही करू नये, एवढेच स्पष्ट सांगते. वारस नोंद एकट्याच्या नावाने करून घेण्याचे तुम्ही ठरवले आहे ते खेटे वाचवण्यासाठी, असे मी समजते, कारण पत्रावरून तुम्ही लबाड वाटत नाही. पण परिणाम तोच होतो. जिने दीड एकरात आवणी (भाताची लावणी) केली, गुडघाभर चिखलात वाकून वाफे भरले, खुरपणी केली, सोंगणी केली, तिचे नाव सातबाऱ्यावर नसेल तर शासनाच्या लेखी ती शेतकरी नसते. आदिवासी विकास महामंडळाच्या केंद्रावर आधारभूत किमतीने भात घालायचा तर सातबारा लागतो; पीएम किसानचे वर्षाचे 6,000 रुपये ज्याच्या नावावर जमीन त्याला मिळतात; पीक कर्जाचेही तेच. तुम्ही चिंचवडला आणि सातबारा तुमच्या नावावर, म्हणजे ती भात नाइलाजाने दारात आलेल्या व्यापाऱ्याला देणार.

तुमच्या भावकीत कोणीतरी असेही सांगेल की 1956 चा हिंदू वारसा कायदा अनुसूचित जमातींना आपोआप लागू होत नाही, तेव्हा आईचा आणि बहिणीचा हक्क नाही. पहिला भाग खरा आहे. त्यावरून काढलेला निष्कर्ष पक्का नाही. जुलै 2025 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एका आदिवासी स्त्रीच्या वारसांच्या खटल्यात असे म्हटले की, स्त्रीला वगळण्याची रूढी सिद्ध झालेली नसेल तर केवळ ती स्त्री आहे म्हणून वाटा नाकारणे समानतेच्या तत्त्वाला धरून होत नाही. शिवाय तुम्ही स्वतः आडवे आला नाहीत, तर तुमच्या घरात हा वाद उभाच राहत नाही. वडिलांच्या मृत्यूचा दाखला आणि सर्व वारसांची नावे असलेले शपथपत्र घेऊन तलाठ्याकडे अर्ज करा. ई-हक्क प्रणालीतून तो चिंचवडला बसूनही भरता येतो. तलाठी फेरफार नोंदवून नोटीस काढतो आणि मुदतीत हरकत आली नाही तर मंडळ अधिकारी नोंद प्रमाणित करतो. ज्या खेट्यांची तुम्हाला भीती वाटते, ते बव्हंशी तुम्हीच एका रजेत पुरे करू शकता. 2025 साली शासनाने मृत खातेदारांच्या जागी वारसांची नावे लावण्यासाठी 'जिवंत सातबारा' मोहीम काढली होती, तेव्हा या कामाची पद्धत तलाठ्यांना चांगली सवयीची आहे.

वडील वनखात्याच्या जमिनीचा एखादा तुकडा कसत होते का, हेही पाहा. तसा वनहक्काचा दावा असेल, तर 2006 च्या कायद्याप्रमाणे पट्टा नवरा-बायको दोघांच्या नावे असतो. पुष्कळ घरांत तो कागद ट्रंकेच्या तळाशी असतो आणि त्यावर आपले नाव आहे हे बाईला कोणी वाचून दाखवलेले नसते. आणि बहिणीकडून हक्कसोडपत्रावर अंगठा किंवा सही घेतली गेली असेल, तर ते तिने समजून दिले आहे का, हे तिला भावजयीसमोर नव्हे, एकटीला विचारा.

आणखी एक विषय आहे, जो तुम्ही पत्रात लिहिलेला नाही आणि लिहिणे तुम्हाला शक्यही नव्हते. वर्षानुवर्षे डोक्यावर भार वाहणाऱ्या आणि बाळंतपणानंतर सव्वा महिना पुरा होण्याआधीच शेतात उतरलेल्या बायकांमध्ये मायांग, म्हणजे गर्भाशय, खाली सरकण्याचा त्रास बराच आढळतो. त्याला अंग बाहेर येणे म्हणतात. बायका तो पंधरा-पंधरा वर्षे लपवतात, वर पदर खोचून मोळी उचलतात आणि विचारले तर कंबर दुखते एवढेच सांगतात. तुमच्या आईला तो असेलच असे मी म्हणत नाही. परंतु मुलाला ती हे कधीच सांगणार नाही, म्हणून तुमच्या बहिणीने किंवा पत्नीने तिच्याजवळ बसून हा विषय काढावा आणि गावातल्या आशाताईंना बरोबर घेऊन तिला ग्रामीण रुग्णालयात स्त्रीरोगतज्ज्ञ येतात त्या दिवशी न्यावे. सुरुवातीच्या अवस्थेत व्यायामाने आणि आत बसवायच्या रिंगेनेही आराम पडतो. सर्वांनाच शस्त्रक्रिया लागत नाही. तिथेच डोळे, रक्तदाब आणि रक्तातले हिमोग्लोबिनही तपासून घ्या. असा त्रास निघाला, तर पाण्याची टाकी पुढच्या वर्षावर ढकलू नका. पैसे नसतील तर कर्ज काढा, पण हंडा तिच्या डोक्यावरून उतरवा.

लोक नावे ठेवतात, त्याचे काय करावे, हे तुम्ही स्पष्ट विचारलेले नाही, तरी ते तुम्हाला लागलेले आहे. गावाला सर्वांत आधी दिसते ते आवणीला मुलगा आला की नाही. पंचमीला नवे लुगडे घेऊन एक रात्र राहणाऱ्या मुलापेक्षा जुलैत आठ दिवस रजा काढून चिखलणीला उभा राहणारा मुलगा गावाला परका वाटत नाही. कारखान्यात त्या दिवसांत रजा मिळणे कठीण असते हे मला ठाऊक आहे; नाहीच मिळाली, तर आवणीच्या दोन दिवसांची दोन माणसांची मजुरी आधीच पाठवा, आणि ती आईच्या हातात द्या, चुलत्याच्या नव्हे, म्हणजे कोणाला बोलवायचे ते तीच ठरवील.

हे सारे झाल्यावर, म्हणजे टाकी भरलेली, सातबाऱ्यावर नाव लागलेले आणि तब्येत तपासलेली असताना, तिला एकदा विचारा की आई, तुला कुठे राहायचे आहे. तेव्हाही ती गावच म्हणेल, असा माझा अंदाज आहे. कदाचित गुडघे थकल्यावर पाच-सात वर्षांनी दुसरे उत्तर देईल. ते तिच्यावर सोपवा.

मशीन परत आणू नका. ते आता कणगीचे काम चांगले करते आहे. मात्र पुढच्या खेपेला जाल तेव्हा त्याच्या पाणी सोडायच्या नळीचे तोंड कापडाचा बोळा घालून तारेने घट्ट बांधून या, कारण उंदीर शिरलाच तर तिथूनच शिरेल.